पॅरा सात

टायपिस्टबाईंचा सतरा वर्षांचा नेम होता. कामाला बोट लावण्याआधी डोळे मिटून देवाचं नाव घ्यायचं. बाटल्यांच्या कारखान्याचा अर्ज टाइप केला, त्या सकाळीही त्यांनी ते घेतलं होतं.

कारखान्यात संप होता आणि मालकाला गेटवर पोलीस बंदोबस्त हवा होता. असल्या अर्जाला वकीलसाहेबांच्या ऑफिसात एकच साचा. शिवणकामाच्या एका कारखान्याची जुनी फाईल उघडायची नि नावं बदलायची. प्रतिवादी क्रमांक चारच्या जागी सख्ख्या भावाचं नाव आलं, तेव्हा बाईंची बोटं अडखळली. पॅरा सातपाशी तर थांबलीच.

"साहेब, इथं दगडफेक लिहिलीय. महिला कामगारांना अडवलं, असंही."

"मग?"

"तसं काही झालेलं नाही म्हणतात."

"बाई, आपण टाइप करायचं. खरंखोटं बघायला कोर्ट बसलंय."

बाईंनी मान खाली घातली आणि पुढचा पॅरा घेतला.

रविवारी दुपारी दादा नोटिशीचं पाकीट घेऊन घरी आला. "तू रोज असले कागद बघतेस, जरा माणसांच्या भाषेत सांग. उद्या तारीख आहे. आम्हाला गेटपासून दोनशे मीटर लांब बसवणार म्हणे. तिथं आम्हाला कोण कुत्रं विचारणार?" मग पॅरा सातवर बोट ठेवून तो हसत सुटला. "महिला कामगार! अगं, आमच्याकडे बाईमाणूस म्हणजे एक मांजर. तीही सध्या बाळंतपणाच्या रजेवर! कुण्या आंधळ्यानं लिहिलंय हे?"

बाई गप्प बसल्या असत्या तरी कुणाला कळणार नव्हतं. पण दादाचं ते हसणं त्यांना सोसवेना.

"मीच टाइप केलंय, दादा. तुझं नावसुद्धा."

बाईंनी पेन्सिल घेतली आणि कागदाच्या कडेला एक नंबर लिहिला. "हा शिवणकामाच्या कारखान्याच्या जुन्या अर्जाचा नंबर. तुमच्या वकिलांना दे. दोन्ही कागद शेजारी ठेवले की कोर्टाला दिसेल, अक्षरन् अक्षर तेच आहे."

"नोकरी जाईल तुझी."

"जाईल."

दादा नंबर न्याहाळत होता. "न बघता लिहिलास. पाठ आहे?"

"त्या फाईलवरून अकरा अर्ज केलेत मी."

"म्हणजे आमच्याआधी दहा. तेव्हा कुणाला दिलास हा नंबर?"

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, पुन्हा गुंडाळलं.

दादानं कागद घडी करून खिशात घातला, चपला पायात सरकवल्या. एरवी तो दारातून "येतो गं" म्हणायचा. आज नुसताच गेला. बाईंनीही त्याला थांबवलं नाही. कुठल्या तोंडानं थांबवणार?