काचेतला गोठा

आबा कुठल्याही खोलीत शिरले की आधी खिडकी उघडायचे आणि मग बोलायचे. नमस्कारसुद्धा खिडकीनंतर. डिसेंबरात चाकणच्या माळावरचं गार वारं हाडात शिरत असो, नाहीतर बाहेर ट्रकांनी धुरळा उठवलेला असो, त्यांना फरक पडत नसे. एकदा मोठ्या साहेबांच्या एसी खोलीत मीटिंग चालू होती. आबा चहाचा ट्रे घेऊन आले, ट्रे टेबलावर ठेवला, सरळ साहेबांच्या पाठीमागे गेले आणि खिडकी सताड उघडून मोकळे झाले. साहेब म्हणाले, "अहो, एसी चालू आहे ना!" आबा म्हणाले, "असू द्या की. वारं बी असू द्या." सगळे हसले. मीही हसले. त्या हसण्याची आज लाज वाटते. तेव्हा वाटली नव्हती, हे खरं सांगून टाकते.

मी तेव्हा चोवीस वर्षांची होते. सूक्ष्मजीवशास्त्रात एमएस्सी, पहिली नोकरी, सांगवीहून कंपनीच्या बसने चाकणला जाणार, आणि डोक्यात हवा अशी की विचारू नका. आमचं काम एका कारखान्याच्या मागच्या शेडमध्ये चालायचं. पुढे भट्ट्या होत्या. लोखंडाची दातेरी चाकं आणि दांडे कडक करायला त्या भट्ट्यांत एक वायू सोडतात, त्यात कार्बन मोनॉक्साइड असतो. माणसाला मारणारा. उरलेला वायू भट्टीच्या तोंडाशी जाळून टाकायची पद्धत. आम्ही तो जाळायच्या आधी नळीने मागे आणायचो आणि कमरेएवढ्या उंच काचेच्या भांड्यात सोडायचो. भांड्यात जिवाणू होते. हा विषारी वायू हेच त्यांचं अन्न. तो खाऊन ते अल्कोहोल तयार करायचे. आपली हवा मात्र त्यांना सोसत नाही. ऑक्सिजन लागला की मेले.

आबा तिथे कंत्राटी हेल्पर म्हणून आले. साठीला टेकलेले, चिखलीचे जुने राहणारे. घरची जमीन बिल्डरला गेली होती, बदल्यात फ्लॅट मिळाले होते. जिथे त्यांच्या पाच म्हशी बांधलेल्या असायच्या तिथेच इमारत उभी राहिली होती. "आमी आता गोठ्याच्या तिसऱ्या मजल्यावर ऱ्हातो," असं ते सांगायचे, आणि त्यांच्या चेहऱ्यावरून कळायचं नाही की हसावं की गप्प बसावं. बसून खायची सवय नाही म्हणून कामाला आलो, एवढंच त्यांनी सांगितलं होतं.

पहिल्या दिवशी मी त्यांना जिवाणूंवर अर्धा तास व्याख्यान झोडलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हंजे गुरं हायेत. हिकडनं वैरण, तिकडनं दूध."

"दूध नाही आबा, अल्कोहोल."

"मंग तर गिऱ्हाईक जास्त."

मला राग आला. एवढं शिकून मी गुराखी झाले की काय! मग त्यांनी विचारलं, "म्याडम, ह्यो वायू त्योच का, न्हाणीतला? गिझरचा?" मी म्हटलं, "हो, तोच. बंद बाथरूममध्ये गॅसचा गिझर लावून माणसं मरतात ना, तोच. साधी खिडकी उघडी ठेवायची अक्कल नसते लोकांना." आबा उठले आणि शेडची उरलेली एक बंद खिडकी उघडून आले.

त्या दिवसापासून भांड्याचं नाव गोठा पडलं. सकाळी आल्या आल्या आबा काचेला तळहात लावून उभे राहायचे. वायूचे बुडबुडे बघायचे, फेस बघायचे. "आज रवंथ न्हाई नीट," म्हणायचे. मी मीटर बघायची आणि म्हणायची, सगळं व्यवस्थित आहे. दोन तासांनी मीटरचा आकडा खाली यायचा. असं तीनचारदा झाल्यावर मी आधी आबांना विचारायला लागले आणि मग मीटर बघायला लागले. अर्थात वहीत नाव मीटरचंच. वायूची गळती सांगणारा छोटा यंत्रडबा आम्हा सगळ्यांना गळ्यात घालायला दिला होता. आम्ही तो टेबलावर विसरायचो. आबांचा कधी गळ्यातून उतरला नाही. त्यांचं म्हणणं, "चोराच्या पायाचा तरी आवाज येतो. ह्याला ना वास, ना रंग. ह्याच्या पुढं मानसानं शहानपना करू नये."

आणि शहाणपणा केला तो मीच.

आमच्या पट्ट्यात खंडेनवमी म्हणजे काय, हे इथल्या माणसाला सांगायला नको. सकाळी यंत्रं धुऊनपुसून, झेंडूच्या माळा घालून, हळदकुंकू वाहून दुपारी बंद करतात. मग दसरा उलटेपर्यंत त्यांना कोणी हात लावत नाही. भट्टीसुद्धा थंड. सांगवीला आमच्या घरी मात्र खंडेनवमी म्हणजे पुस्तकांवर दोन फुलं आणि दुपारी झोप. भट्टी थंड झाली की वायू बंद, वायू बंद की आमचे जिवाणू उपाशी, हा साधा हिशेब एमएस्सीच्या पोरीच्या डोक्यात आला नाही. फोरमन हार घेऊन आला आणि म्हणाला, "मॅडम, तुमचं पण बंद करू का? यंत्राला आराम." मी बसच्या घाईत होते. म्हटलं, करा.

आबा आडवे आले. "म्याडम, बेंदराला बैल जुपत न्हाईत, पन उपाशी बी ठेवत न्हाईत. त्या दिशी तर पोळी खाऊ घालत्यात."

"आबा, पुरे! ही गुरं नाहीत," मी सगळ्यांसमोर म्हणाले. "दोन दिवसांनी काही होत नाही." कोपऱ्यात वायूचा भरलेला सिलिंडर उभा होता. तो जोडायला अर्धा तास लागला असता. आबा बोलल्यावर मला कळलं नाही असंही नाही. मला थांबायचं नव्हतं. मी गेले.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी आले तर भांडं मुकं. ढवळणी बंद, वायूचा दाब गेलेला, कुठूनशी हवा आत शिरलेली. गढूळ पाणी वरून निवळत चाललं होतं आणि भांड्याला झेंडूची सुकलेली माळ तशीच होती. आठ महिन्यांची मेहनत होती ती. साहेब अकरा वाजता येणार होते. मी खाली फरशीवर बसले आणि रडायला लागले.

आबा आले, खिडकी उघडली. खिशातून आपट्याचं पान काढून माझ्या हातात दिलं. "सोनं घ्या म्याडम. सनावाराला रडू नये." मग त्यांनी जिवाणू वाढवायची उबेची पेटी उघडली. आत सहा बाटल्या होत्या, रबरी बुचाच्या, पत्र्याने आवळलेल्या, मी शिकवलं होतं अगदी तशाच. सहाही गढूळ आणि जिवंत. मी गेल्यावर नळीत वायूचा दाब होता तोवर त्यांनी भांड्यातलं थोडं पाणी आणि वायू त्यांत भरून घेतला होता. आणि दसऱ्याच्या दिवशी, घरचं सोडून, चिखलीहून स्कूटरवर येऊन त्यांना बघून गेले होते. "आमची बाई दही लावताना वाटीभर इरजन बाजूला काढती," ते म्हणाले. "ते संपलं की दुसऱ्याच्या दारात जायला लागतं."

साहेब आले. गोठा गेला पण विरजण आहे, हे कळल्यावर माझ्या खांद्यावर थाप मारून म्हणाले, "बॅकअप ठेवलंस! शाबास." आबा माझ्या शेजारीच उभे होते. एक वाक्य बोलायचं होतं मला. नाही बोलले. दातखीळ बसली म्हणा, नाहीतर नियत म्हणा.

जेवणाच्या सुट्टीत मी त्यांच्यासमोर जाऊन बसले आणि म्हटलं, आबा, चुकलं माझं, मी साहेबांना सांगते. त्यांनी हात हलवला. "गुरं जगली न्हवं? मंग झालं." मी विचारलं, एवढा जीव का टाकता यांच्यावर? त्यांनी भाकरीचा तुकडा तसाच धरून ठेवला, खाल्ला नाही.

"आमची सुमी दिवाळीला म्हायेरी आली व्हती," ते म्हणाले. "नव्या फ्लॅटातली पयली दिवाळी. गिझर मीच बसवून घेतला. पहाटंच्या आंघुळीला पोरीला थंडी वाजंल म्हनून न्हाणीच्या खिडकीला पुठ्ठा बी मीच लावला. मीच. आत पान्याचा आवाज चालूच ऱ्हायला. आमाला वाटलं, पोर निवांत न्हातीया." त्यांनी तुकडा परत डब्यात ठेवला. "तवापासनं बाई त्या न्हाणीत पाय टाकत न्हाई. गिझर काढला, इजेचा बसवला, तरी न्हाई. शेजारच्या घरी जाती आंघुळीला, कापडं घिऊन. तीन वरसं झाली. आन हितं आलो तर तुमी म्हनला, त्यो वायू खानारं बी कुनीतरी हाय."

मला माझंच पहिल्या दिवशीचं वाक्य आठवलं. खिडकी उघडी ठेवायची अक्कल नसते लोकांना. ते मी या माणसाच्या तोंडावर बोलले होते, आणि त्याने मला दुसऱ्या दिवशी बाजारातला ताजा मुळा आणून दिला होता. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं नुसतं म्हणतात. मला ते त्या दिवशी खरंच वाटलं. मी माफी मागितली. ते म्हणाले, "खरंच बोलला व्हता की तुमी."

पुढच्या पावसाळ्यात काम बंद करायचं ठरलं. वर कुठेतरी कोणाचा तरी विचार बदलला, आम्हाला फक्त पत्र आलं. मला दुसऱ्या प्रयोगशाळेत घेतलं, कारण मी 'बॅकअप ठेवणारी' होते. आबांचं कंत्राट संपलं. जिवाणू बाहेर जाऊ द्यायचे नाहीत, सगळे मारून टाकायचे, असा नियम. त्यासाठी मोठ्या प्रेशर कुकरसारखं यंत्र असतं. त्यात बाटल्या ठेवून वाफेवर शिजवायच्या.

शेवटच्या दिवशी आबा म्हणाले, "म्याडम, एक बाटली द्याल का? न्हाणीच्या कोनाड्यात ठेवीन. बाईला दावीन, म्हनीन की आता हितं राखन हाय. जाईल मंग ती."

मी म्हटलं, "आबा, एका बाटलीने काही होत नाही. बुचाबाहेरचा वायू त्यांना मिळणार नाही, आणि बूच काढलं तर हवेने मरतील."

"त्ये मला ठावं हाय," ते म्हणाले. "बाईला ठावं न्हाई."

मी नाही म्हटलं. नियम होता, आणि मला नवीन नोकरी टिकवायची होती. आबांनी पुन्हा मागितलं नाही. प्रत्येक बाटलीवर पांढऱ्या चिकटपट्टीचा तुकडा लावायचा असतो, तो त्यांनी लावला. बाटल्या स्वतः आत रचल्या, झाकण स्वतः आवळलं. वाफ झाल्यावर बाहेर काढल्या तेव्हा पट्टीवर काळ्या रेघा उमटल्या होत्या. "ह्ये काय?" त्यांनी विचारलं. मी सांगितलं, रेघा उमटल्या म्हणजे आत कोणी जिवंत राहिलं नाही. आबांनी एका पट्टीवरून अंगठा फिरवला. मग गळ्यातला यंत्रडबा काढून माझ्या टेबलावर ठेवला, सगळ्या खिडक्या एकदा बघितल्या आणि गेले. फेकायच्या क्रेटमध्ये एक बाटली कमी भरली. मी 'फुटली' असं लिहिलं.

गेल्या महिन्यात फोरमनचा फोन आला. आबा गेले. झोपेतच. फोनवर बोलता बोलता मी घराची खिडकी उघडली, आणि उघडल्यावर कळलं की आपण ती उघडली.

दहाव्यानंतर चिखलीला गेले. काकूंना, म्हणजे आबांच्या बायकोला, मी पहिल्यांदाच बघत होते. बुटक्या, शांत. नाव सांगितलं तशा म्हणाल्या, "तुमीच व्हय त्या म्याडम! तुमचं लई नाव काढायचे." पाणी दिलं आणि माझा हात धरून मला थेट न्हाणीघरात घेऊन गेल्या. फरशी ओली होती. खिडकीचं दार वाऱ्याने मिटू नये म्हणून गजाला सुतळीने बांधलेलं होतं, चार गाठी मारून. कोनाड्यात बाटली होती. रबरी बूच, गढूळ पाणी, माझ्या अक्षरातली चिठ्ठी आणि चिकटपट्टीवर काळ्या रेघा.

"सुमी गेल्यापासनं मी हितं येत न्हवते," काकू म्हणाल्या. "ह्यांनी ही आनली. म्हनले, ही आतली गुरं त्यो इखारी वायू खात्यात, तू बिनघोर जा. रोज सकाळी आधी ह्ये येऊन बघायचे, जित्ती हायेत म्हनायचे, मंगच मी आत यायची." त्यांनी पदराने बाटलीवरची वाफ पुसली. "आता बघनारं कुनी न्हाई. दहा दिस झाले, परत शेजारी जाते. तुमी शिकल्यासवरल्या. तुमीच बघून सांगा, जित्ती हायेत का?"

मी बाटली हातात घेतली. उजेडात धरून फिरवली, आबा बघायचे तशी. काळ्या रेघांवर माझं बोट आलं होतं.

"आहेत, काकू," मी म्हटलं. "छान आहेत. फक्त ती सुतळी कधी सोडू नका."