सूनबाईची पॅलिडा

मुलाने स्वतःचं लग्न ठरवलं तेव्हा मी एकच प्रश्न विचारला, मुलगी करते काय? तो म्हणाला, "जेलीफिशना नावं देते." मी म्हटलं, नावं ठेवायचं काम आपल्या गल्लीतल्या बायका फुकटात करतात, त्यासाठी एवढं शिकायला कशाला लागतं? तो हसला नाही. आमच्या चिरंजीवांना माझे विनोद कधी कळलेच नाहीत, बापावर गेलाय.

मी शिवणकाम करते. बंदराकडे जाणाऱ्या रस्त्यावर तळमजल्याला माझं दुकान आहे, वर आम्ही राहतो. सूनबाई दिसायला अगदी गरीब, आवाज तर असा की शेजारी बसलं तरी कान द्यावा लागतो. पण पहिल्याच आठवड्यात मला तिचा इंगा कळला. मी तिला म्हटलं, "अगं, तो निळ्या बटणांचा डबा दे." ती तिथेच उभी. "आई, कुठला निळा? इथे पाच निळे आहेत." मी म्हटलं, दे गं कुठलाही. तर म्हणते, "कुठलाही देऊन चालणार नाही. चुकीचा दिला तर तुम्हीच ओरडाल." खरं होतं, म्हणून जास्तच राग आला.

तिची प्रयोगशाळा बंदराच्या टोकाला, जुन्या गोदामात आहे. तिथले पांढरे एप्रन मीच शिवते, त्यामुळे माझी ये-जा असते. मागच्या खोलीत छतापर्यंत फळ्या, फळ्यांवर काचेच्या बरण्या आणि बरण्यांमध्ये औषधाच्या पाण्यात बुडवलेल्या जेलीफिश. पहिल्यांदा गेले तेव्हा मी पदर नाकाला लावला. ती मात्र दागिने दाखवावेत तशी एकेक बरणी दाखवत होती.

"आई, प्रत्येकीचं नाव दोन शब्दांचं असतं. पहिला शब्द घराण्याचा, दुसरा तिचा स्वतःचा."

"म्हणजे आडनाव आधी?"

"तसंच समजा. ही बघा, ऑरेलिया ऑरिटा. ऑरिटा म्हणजे कानवाली."

"कान? हिला डोकं तरी आहे का?"

"डोकं नाही, हाडं नाहीत, काही नाही. पण नाव देणाऱ्याला कानांसारखं काहीतरी दिसलं असेल. ही सायनिया कॅपिलाटा, म्हणजे केसाळ. आणि ही पेलाजिया नॉक्टिल्युका. नॉक्टिल्युका म्हणजे रात्रीचा दिवा. हिला धक्का लागला की ती अंधारात चमकते."

मी म्हटलं, बाई गं, मग सरळ दिवावाली म्हणा की. जगाला कळेल असं काहीतरी म्हणायला तुमचं काय जातं? तेव्हा तिने मला खुर्चीवर बसवून समजावलं. इथे कोळी जिला चांदणी म्हणतात ती निरुपद्रवी आहे, दुसऱ्या बंदरात चांदणी म्हणतात ती वेगळीच, तिचा डंख बसला तर माणूस दवाखान्यात जातो. तिथल्या डॉक्टरने इथल्या डॉक्टरला फोनवर चांदणी म्हणून सांगितलं तर रोग्याचं काय होईल? जगात कुठेही जा, एका प्राण्याला एकच नाव पाहिजे. मला ते पटलं. पण लगेच पटलं असं दाखवलं तर सुना डोक्यावर बसतात, म्हणून मी "बघू" म्हटलं.

त्याच खोलीत तळाच्या फळीवर एक बरणी होती. कुठल्याशा सर्वेक्षणाच्या बोटीने खोल पाण्यातून आणलेली जेलीफिश, साबणाच्या पाण्यासारखी पांढुरकी. तिच्यावर घराण्याचं नाव होतं आणि पुढे जागा कोरी होती. सूनबाईने ती बरणी धरली ती धरलीच. दोन वर्षं तिचे धागे मोजले, आतल्या नळ्यांची चित्रं काढली, जगभरच्या तिच्या भावकीशी ताडून पाहिलं. शेवटी एक दिवस जेवताना म्हणाली, "आई, ही नवीन आहे. हिला अजून कोणीच नाव दिलेलं नाही." एवढंच बोलली आणि आनंदाच्या भरात तिने भातावर आमटीऐवजी पाणी ओतून घेतलं.

मी एप्रन द्यायला गेले होते त्या दिवशी तिच्या साहेबांनी विषय काढला. साहेब तसे भले, पण घाईचे. ते म्हणाले, "मॅडम, लेख पाठवून द्या आता. नाव पॅलिडा ठेवा, म्हणजे फिकट. दिसतेय तशी. दुसऱ्या संस्थेकडेही अशीच एक बरणी आहे, ते लोक काही झोपलेले नाहीत."

"मी तिला जिवंत पाहिलेली नाही, सर."

"मग?"

"बरणीतल्या औषधाने रंग जातो. हा रंग तिचा नाही."

साहेबांनी कपाळाला हात लावला. मला मात्र चटकन कळलं. पन्नास धुण्यांनंतरचं कापड बघून मूळ रंग सांगणारं गिऱ्हाईक मी रोज बघते. साहेब म्हणाले, "ज्याचं नाव आधी छापून येईल तेच कायमचं राहतं, हे तुम्हाला मी सांगायचं का? उशीर केलात तर दोन वर्षं पाण्यात जातील."

"कायमचं राहतं, म्हणूनच," सूनबाई म्हणाली. "खोटं नाव मी देणार नाही."

घरी येताना मी तिला चांगलं झापलं. म्हटलं, अगं, आधी नाव लावून घे, मग बघ रंग काय तो. मुलाला मुन्ना म्हणून हाक मारतात, तो काय जन्मभर लहान राहतो? ती म्हणाली, "आई, तुमचं बरोबर असेल. पण मला जमणार नाही." हे तिचं नेहमीचं. समोरच्याचं बरोबर असतं आणि ती करते स्वतःच्याच मनाचं.

ही जेलीफिश राहते खोल, थंड पाण्यात. वारा जमिनीकडून समुद्राकडे जोरात वाहू लागला की वरचं पाणी बाजूला सरतं आणि खालचं थंड पाणी वर येतं, तेव्हा कधीतरी ती दिसण्याची शक्यता. म्हणून सूनबाई वाऱ्याची वाट बघायला लागली. सकाळी उठली की आधी गच्चीवर. मी वाळत घातलेल्या चादरी कुठल्या बाजूला उडतात ते बघायची. अनुकूल वारा दिसला की कोळंबीची बोट चालवणाऱ्या तांडेलाला फोन करून बादल्या घेऊन निघायची. जाळ्यात जेलीफिशच्या चिंध्या होतात, म्हणून बादलीच बुडवावी लागते.

आणि बोट लागायची हो तिला! बंदराबाहेर पडताच उलट्या सुरू. तांडेल मला म्हणाला, "काकू, तुमच्या सूनबाईंना घरी ठेवा. बाई अर्धा वेळ एका बाजूने उलटी करतात आणि उरलेला अर्धा वेळ दुसऱ्या बाजूला वाकून पाणी बघतात." मुलगा चिडला. म्हणाला, "बास झालं आता. तब्येतीची वाट लावून घेणार आहेस का?" ती म्हणाली, "तू बंदरात कामाला रोज क्रेनवर चढतोस तेव्हा मी काही म्हणते का?" मीही आधी मुलाच्या बाजूने होते. पण ती हिरवीनिळी होऊन परत यायची, तोंड धुवायची आणि पुन्हा वाऱ्याचा अंदाज बघायची, ते बघून माझी जीभ रेटेना. एका सकाळी मी तिच्या आधी उठून चादरी बघितल्या आणि तिला हलवून उठवलं. "ऊठ. वारा फिरलाय."

त्या दिवशी दुपारी मी धक्क्यावर उभी होते. बोट लागली. ती बादली दोन्ही हातांनी छातीशी धरून उतरली, कोणाला हात लावू देईना. "आई, बघा." मी वाकून बघितलं. पिकल्या डाळिंबाच्या आतल्या रंगाची, गडद लाल. पाण्यात अशी मिटत उघडत होती की माझ्या अंगावर काटा आला. बरणीतली ती मेलेली पांढुरकी वस्तू आणि ही, यांचा काही संबंध आहे हे मला कोणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. सूनबाई ढसाढसा रडत होती. रडता रडताच तिने तिला द्यायचं नाव माझ्या कानात सांगितलं, आणि म्हणाली, "अजून तुमच्या मुलालाही सांगितलेलं नाही." मला इतकं बरं वाटलं की मी तिथेच, सगळ्या कोळणींच्या देखत, तिचा मुका घेतला.

लेख पूर्ण व्हायच्या आत दुसऱ्या संस्थेचा छापून आला. तीच जेलीफिश. त्यांच्याकडच्या बरणीवरून लिहिलेला. नाव पॅलिडा. फिकट.

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. मी म्हटलं, "लिही त्यांना! फोटो पाठव! लाल दिसते ती, आंधळ्यालाही कळेल. बदलायला लाव नाव."

"बदलत नाही, आई. अर्थ चुकला म्हणून नाव बदलत नाहीत. असा नियम आहे."

"कुठल्या गाढवाने केला नियम?"

"बरोबर आहे तो," ती म्हणाली. "ज्याला जे पटेल ते नाव तो बदलायला लागला तर कोण कोणाबद्दल बोलतंय हेच कळणार नाही. आता ती पॅलिडाच."

त्या दिवशी ती जेवली नाही. मुलगा शहाण्यासारखा तिच्याजवळ बसून राहिला. दुसऱ्या दिवशी मी दुकान उघडत होते तर ही बॅग घेऊन जिना उतरतेय. म्हटलं, कुठे? "लिहायला. शास्त्रज्ञांमध्ये तिला जिवंत फक्त मी पाहिलीय. ती कशी आहे ते जगाला कोण सांगणार?" आणि मग तिने सगळं लिहिलं. रंग, मिटण्या-उघडण्याची पद्धत, खाणं, कितपत थंड पाणी लागतं. वर नाव पॅलिडा, आणि नावापुढे रीतीप्रमाणे ते देणाऱ्या माणसाचं आडनाव. तिचं नाव खाली, लेख लिहिणारी म्हणून.

तिचं ते लिखाण वाचून तो नाव देणारा माणूसच एकदा प्रयोगशाळेत आला. मी नेमकी एप्रनांची मापं घेत होते. मी मनात ठरवून टाकलं होतं की याला दोन शब्द सुनावायचेच. पण निघाला अगदी साधा, वयस्क, पाठीला बाक आलेला. सूनबाई त्याला गोल टाकीपाशी घेऊन गेली. आत लाल जेलीफिश फिरत होती आणि टाकीवर सूनबाईच्याच हाताने, त्यांच्या पद्धतीप्रमाणे तिरक्या अक्षरात लिहिलेलं होतं, पॅलिडा. तो माणूस बराच वेळ काचेला नाक लावून उभा राहिला. मग म्हणाला, "मी हिला फिकट म्हटलं." त्याचा चेहरा बघवेना. माझे दोन शब्द माझ्या तोंडातच राहिले.

"तुम्ही थांबायला हवं होतं," सूनबाई म्हणाली. तिने आवाज चढवला नाही, पण त्याला सोडलंही नाही.

"हो," तो म्हणाला. "तुम्ही थांबलात. तुम्ही काय नाव देणार होतात?"

मी तोंड उघडलं होतं. खोटं कशाला बोलू, ते नाव माझ्या जिभेच्या टोकावर होतं. त्याने ऐकावं, त्याला चांगलं झोंबावं, असं मला फार वाटत होतं. सूनबाईने माझ्याकडे नुसतं बघितलं.

"तिला एकच नाव आहे," ती त्याला म्हणाली, आणि टाकीतलं पाणी पुरेसं थंड आहे का ते बघायला वाकली.

मी मापाची फीत गुंडाळली. तेव्हापासून मला साहेबांनी विचारलंय, तांडेलाने विचारलंय, पोटच्या मुलाने तर विचारून विचारून माझं डोकं खाल्लंय. मी कोणालाच सांगितलेलं नाही, आणि सांगणार नाही.