धोटे गल्लीच्या रेघेपाशी दोन तास

पुण्याहून निघालो तेव्हा पिशवीत दोन सदरे, दम्याच्या गोळ्या आणि एक तार होती. 'आक्काचा दम वाढला. लगेच निघा.' तार आक्काच्या घरमालकांनी रविवारी केली होती, मला मिळाली मंगळवारी रात्री. ते गल्लीबाहेर राहतात, म्हणून वाचले.

आक्का माझी थोरली बहीण. आई गेल्यावर मला तिनेच वाढवले. लग्न होऊन ती सोलापूरला गेली. यजमान वारल्यावरही तिथेच राहून मागवाल्यांच्या कांड्या भरू लागली. (माग म्हणजे चादरी विणायचा. त्यावर इकडून तिकडे धावणाऱ्या धोट्यात बसते ती सुताची कांडी.) सोमवारी सकाळी मिलचा भोंगा झाला आणि त्यांच्या धोटे गल्लीपुरती वेळ उसवली. वेळ उसवल्याच्या बातम्या आपण अधूनमधून वाचतोच. कुठे एखादी विहीर, कुठे शाळेचा एखादा वर्ग. पण चाळीस घरांची नांदती गल्ली मी तरी पहिल्यांदाच ऐकली. बाहेरचा एक तास म्हणजे आतला एक महिना. बुधवारी पहाटे मी गाडीत बसलो तेव्हा बाहेर दोन दिवस उलटले होते, आत चार वर्षे.

मी मुळातच काळजीखोर. छापखान्यात मुद्रिते तपासतो, तीही तीनतीनदा. त्यामुळे दौंडला इंजिन बदलायला गाडी थांबली तेव्हा मी घड्याळ हातात धरूनच बसलो. पंधरा मिनिटे गेली, म्हणजे आक्काचा आठवडा गेला. कुर्डुवाडीला गाडी पाऊण तास हलेना. समोर करमाळ्याचे एक शेतकरी बसले होते. त्यांनी फडके सोडून भाकरी आणि शेंगाची चटणी पुढे केली.

"खावा की पाव्हणं. उपाशी बसल्यावर गाडी लवकर पळती व्हय?"

मी खाल्ली. चटणी फर्मास होती, आणि ती फर्मास लागली याचीच मला लाज वाटली.

सोलापूरच्या स्टेशनाबाहेर वैशाखाचे ऊन रणरणत होते. टांगेवाले रसूलचाचा आढेवेढे न घेता गल्लीपर्यंत यायला तयार झाले. गल्लीच्या पन्नास पावले अलीकडे त्यांनी लगाम खेचला. "आगे घोडा नै आता साब. मैं इधरच ठैरता. तुमे जाके आव."

गल्लीच्या तोंडाशी रस्त्यावर पांढऱ्या फक्कीची रेघ ओढलेली होती. अलीकडे एक पोलीस आणि बघ्यांची गर्दी. वैशाखात या सगळ्यांच्या अंगावर चादरी होत्या. पोलिसाच्या अंगावर तर तीन. तो घामाने निथळत एकेक चादर काढून घडी घालत होता.

"आतनं येत्यात," तो वैतागून म्हणाला. "रेघंजवळ उभं ऱ्हायलं की अंगावर पडत्यात. कोण टाकतंय दिसत न्हाय."

रेघेपलीकडे माणूस असे दिसत नव्हतेच. भिंती थरथरत होत्या, दोरीवर कपडे उगवत आणि नाहीसे होत. ज्वारीची पोती आत ढकलली की बघता बघता रिकामी होत. "आत जायला बंदी न्हाय," पोलीस म्हणाला. "पण कोण गेलं न्हाय अजून. बाहेरही कोण येत न्हाय. दोघं निघालं होतं, रेघंवर आल्यावर आमाला दिसलं. आता तपासणीला दवाखान्यात हायती."

आणि मी तिथेच उभा राहिलो. खोटे कशाला सांगू? भीती वाटली. पाऊल आत टाकले आणि रस्ता विसरलो तर? वर्षानुवर्षे अडकलो, पंधरवड्यात म्हातारा होऊन घरी गेलो तर? मी पाऊल उचलायचो आणि मागे घ्यायचो. समोर, रेघेच्या पलीकडे हातभर अंतरावर, जमिनीलगत एक हिरवट डाग दिसत होता. पोते असेल असे वाटले. मग माझ्या खांद्यावरही चादर आली आणि मी दचकून दोन पावले मागे झालो. काही वेळाने पाहिले तर तो डाग नव्हता. मी एक चहा घेतला, मग दुसरा घेतला. दोन तास झाले तेव्हा कुठे डोळे मिटून रेघ ओलांडली.

डोळे उघडले तर गल्ली अगदी साधी, स्थिर. मागांचा खडखडाट चालू होता. आतले लोक झोपेची वेळ झाली की खिडक्यांवर चादरी टांगून अंधार करत, कारण ऊन महिनेमहिने हलत नसे. एक बाई हातातली घागर खाली ठेवून माझ्याकडे बघत राहिल्या. त्या नरसम्मा, आक्काच्या शेजारी. घरात तेलुगू, बाहेर सोलापुरी मराठी.

"तुमी हालता की ओ," त्या म्हणाल्या.

त्यांच्याकडून सगळे कळले. आतल्यांना वाटत होते, आपण बरे आहोत आणि बाहेरचे जग दगड झाले आहे. रेघेवर गेलेली ती दोन माणसे तशीच थिजलेली त्यांनी पाहिली होती, म्हणून कोणी बाहेर पाऊल टाकले नाही. बाहेर उभ्या राहिलेल्या बिचाऱ्यांना थंडीवारा लागेल म्हणून बांबूच्या टोकाने त्यांना चादरी पांघरायच्या, हा गल्लीचा नेम झाला होता. प्रत्येक मागावरची महिन्याची एक चादर त्यासाठीच.

"आक्का कुठे आहे?" मी विचारले.

नरसम्मांनी माझा हात धरला. "पाच आठवडे झाले ओ. दमानंच गेली."

पाच आठवडे. म्हणजे बाहेरचा सव्वा तास. म्हणजे माझा पहिला चहा.

"तुमी दिसल्यापासनं तीन आठवडे रोज तुमच्यासमोर बसायची. हिरवं लुगडं नेसून, कांड्या भरत. तुमच्याशी बोलायची. आमी म्हणायचो, आक्का, दगड झाला भाऊ तुझा. तर म्हणायची, दगड न्हाय गं. दोन तास बघत बसले, पाऊल उचललं आन परत मागं ठिवलं. त्यो भितोय. लहानपणी तळ्यातबी असाच काठावर उभा ऱ्हायचा. येईल, त्याला घाई करू नगा."

मी तिच्या दारात बसून रडलो, अगदी मोठ्याने.

बाहेरचे जग चालते आहे हे मी घरोघर सांगितले. आधी कोणाला पटेना. आठ दिवसांनी बोचकी बांधून गल्ली माझ्यामागून बाहेर पडली. पोलीस तोंड उघडे टाकून मोजत राहिला. मला आत जाऊन सोळा मिनिटे झाली होती. दोन तास आधी गेलो असतो तर त्या लोकांत आक्का असती.

रसूलचाचांनी माझ्याकडे पाहिले आणि टांगा वळवला. परतीची गाडी वेळेवर सुटली, वेळेवर पोचली. दारातच बायकोने विचारले, "भेट झाली का आक्कांची?"

"मी नाही भेटलो तिला," मी म्हणालो. "ती भेटली मला. तीन आठवडे."