ओव्हनमधला फुटका बल्ब

"माणूस बोलवायचा म्हणजे? मग मी कोण, भाजीची पिशवी?"

"तसं नाही हो बाबा," मुलगा म्हणाला. "पण तुमचा हात थरथरतो. परवा कपातला निम्मा चहा बशीत होता."

"विजेच्या खांबावर कधी सांडला नाही."

"खांबावर चहा कोण पितं?" म्हाताऱ्याच्या बायकोने कांदा चिरता चिरता विचारलं. सून फिसकन हसली आणि सासऱ्यांनी बघताच गप्प झाली. सकाळी तिच्याच हातचा ट्रे लागून ओव्हनमधला बल्ब फुटला होता. काच गेली, पितळी बूड होल्डरमध्ये अडकून बसलं.

पस्तीस वर्षं वायरमन म्हणून काढलेला माणूस. कामावर सगळे त्याला 'टेस्टर' म्हणत. लाइन बंद आहे अशी कुणी शपथ घेतली, तरी टेस्टर लावल्याशिवाय हा तारेला बोट लावत नसे. थट्टा करणाऱ्यांतले दोघे भाजले, याची दहाही बोटं शाबूत राहिली. आता घरातल्या एका बल्बसाठी बाहेरचा माणूस येणार, म्हणजे त्या पस्तीस वर्षांवर पाणीच.

"हात माझे, अक्कल बाबांची," सून मध्ये पडली. "चालेल?"

त्याला ते फारसं रुचलं नाही, पण काहीच नाही त्यापेक्षा बरं. ओव्हनचा प्लग कपाटामागे, तिथे हात पोचत नव्हता. त्याने भिंतीवरचा स्विच बंद केला. ओव्हन गार झालाय ना ते पाहिलं. सुनेला जाड हातमोजे आणि चष्मा घालायला लावला, वर्तमानपत्रावर सुट्या काचा वेचून घेतल्या. तिने पक्कड पुढे केली.

"थांब. आधी टेस्टर."

"आत्ता तुम्हीच तर बंद केलात!"

"म्हणून तर."

त्याने टेस्टर बुडाला टेकवला. तो लख्ख पेटला.

सुनेने हात झटकन मागे घेतला.

"स्विच खराब झालाय वाटतं," मुलगा म्हणाला.

हो म्हणाला असता तर सुटला असता. पण अकरा वर्षांपूर्वी, राहायला येण्याच्या घाईत, घरातले सगळे बोर्ड त्याने एका रविवारी एकट्याने बसवले होते. स्वतःचंच काम, तपासायचं काय? करंट आणणाऱ्या तारेऐवजी परतीच्या तारेवर स्विच जोडला गेला. ओव्हन बंद होत होता, म्हणून कुणाला कळलंही नाही. आत करंट मात्र तसाच.

"स्विच चांगला आहे. मी उलटा जोडलाय."

बायकोची सुरी थांबली.

त्याने जाऊन मेन स्विच पाडला आणि पुन्हा टेस्टर लावला. या वेळी तो पेटला नाही. सुनेने पकडीने बूड धरून डावीकडे फिरवलं, कुरकुरत निघालं. ओव्हनची उष्णता सोसणारा नवा बल्ब तिने बसवला.

मुलगा मेन चालू करायला निघाला.

"हात लावू नकोस," म्हातारा म्हणाला. "मेन बंदच राहील. आज घरातला प्रत्येक बोर्ड उघडणार. जोडेल सूनबाई, मी शेजारी बसेन. संध्याकाळपर्यंत पंखा मिळणार नाही."