मुरदाडशिंग

अप्पांचा शेवटचा नंदी मी घालवला, आणि तोही समासाचा विग्रह करून.

अप्पा म्हणजे माझे वडील. वय पंच्याऐंशी. अक्कलकोटकडच्या एका गावात देवळाचा मोठा लाकडी नंदी आहे, तो दर बारा वर्षांनी रंगवायचं काम त्यांचं. दुकानातला रंग त्यांना चालत नाही! लाल हिंगूळ खलात घोटायचा, जवसाचं तेल स्वतः कढवायचं. यंदा हात थरथरत होते. "येवडा एक नंदी करतो, मग बसतो," म्हणायचे, आणि त्या एका आशेवर सहा महिने गोळ्या वेळेवर घेत होते.

मी मराठीचा निवृत्त शिक्षक. (निवृत्त फक्त नोकरीतून. चुका काढणं चालू आहे.) देवळाची पंचमंडळी सामान बघायला सोलापुरात आमच्या घरी येणार म्हटल्यावर मला जोर चढला. अप्पांच्या रंगसामानाच्या डब्यांवर मी सुवाच्य अक्षरात चिठ्ठ्या डकवायला घेतल्या. हिंगूळ, मोरचूद, सफेदा, मुरदाडशिंग! काय एकेक शब्द!

"चिट्ट्या कशाला रं?" अप्पा म्हणाले. "मी वासावरनं वळकतो की."

"अप्पा, लोकांना शब्द कळायला नकोत? भाषा बुडतेय!"

"बुडू दे. तू तेवडा गप बस."

गप्प बसणं आमच्या अभ्यासक्रमात कधीच नव्हतं.

मंडळी आली. कपाळभर विभूती, अंड्याचं नाव काढलं तरी चूळ भरणारी माणसं. त्यांच्यातल्या प्रमुखांना सगळे मालक म्हणतात. मालकांनी कडक भाकरीचा तुकडा शेंगाच्या चटणीत बुडवला आणि विचारलं, "मास्तर, ह्यो डबा कशाचा?"

मी डबा उचलला आणि वर्गावर आल्यासारखा उभा राहिलो. "मुरदाडशिंग! सामासिक शब्द. मुरदाड म्हणजे मेलेलं, शिंग म्हणजे शिंग. मेलेल्या जनावराचं शिंग!"

तुकडा चटणीतच राहिला.

"आपल्या नंदीला... मेलेल्याचं शिंग?"

"बहुधा बैलाचंच!" मी माहिती पुरवली. (ही कुठल्याच पुस्तकात नव्हती. ओघात आली.)

"शिव शिव शिव!"

अप्पा भिंतीला धरून उठले. त्यांना धाप लागली होती. माझ्याकडे बोट करून (म्हणजे माझ्या हातातल्या डब्याकडे) ते ओरडले, "दगड हाय त्यो! दगड!"

"ते दिसतंयच की, अप्पा," मालक हात धूत म्हणाले. "पन शिंगाचं काय?"

"आरं, शिश्यापासनं हुतंय ते! तेल लवकर वाळाया घालत्यात!"

ऐकायला होतं कोण? मंडळी चपला शोधत होती. तेवढ्यात माझी बायको चहा घेऊन बाहेर आली. मालकांनी लांबूनच हात जोडले. "नको वैनी. मास्तर च्याचाबी अर्थ सांगतील."

नंदीला दुसऱ्याच माणसाने ऑइलपेंट फवारला. एका दुपारात! मी मग शब्दकोश काढला. मूळ शब्द फारसी. संग म्हणजे दगड, शिंगाचा काही संबंध नाही. हा शब्दकोश तीस वर्षं माझ्याच कपाटात होता. मी लगेच मालकांना फोन लावला. "मालक, दगड आहे तो!"

"कळलंय, मास्तर," ते म्हणाले. "आता गावालाबी कळलंय."

अप्पांनी चार शिव्या दिल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. त्यांच्या गोळ्या आता उशाशी तशाच पडून असतात, आणि त्या मला बघवत नाहीत.

परवा ते डबे पोत्यात भरायला बसले. मी मदतीला गेलो. एका डब्यावर चिठ्ठी लावायची राहिली होती, आत पिवळीधमक भुकटी.

"यात काय आहे, अप्पा?"

"हरताळ."

पूर्वी पोथी लिहिताना चूक झाली की तिच्यावर हाच हरताळ फासून अक्षर बुजवायचे. 'केलेल्या कामावर हरताळ फासणे, वाक्यात उपयोग करा,' हा प्रश्न मी दर परीक्षेला घालायचो.

"चिठ्ठी लावू?"

"लाव की," अप्पा डब्याचं झाकण पुसत म्हणाले. "तुजं नाव टाक."

मी टाकलं. शुद्धलेखन दोनदा तपासून.