इंजिनं दोन, गाडी एकही नाही!

मी आयुष्यात एकच वस्तू पूर्ण किमतीत घेतली आहे, आणि ती मालगाडी आहे.

एरवी आमच्या घरात सवलतीशिवाय काही येत नाही. पडदे सेलमधले, मिक्सर सेलमधला. लग्नसुद्धा आम्ही ऐन पावसाळ्यात केलं, कारण हॉलवाल्याने तेव्हा दर उतरवले होते. (फोटोत सगळे वऱ्हाडी छत्र्या धरून उभे आहेत, नवरदेव ओळखू येत नाही.) मी अंबडच्या एका कारखान्यात खरेदी विभागात आहे. दिवसभर नटबोल्टवाल्यांशी एकेका टक्क्यावरून भांडायचं, आणि घरी येऊन भाजीवाल्याशी. सवयच ती!

माझे सासरे, अण्णा, इगतपुरीला मालगाडीचे ड्रायव्हर होते. निवृत्त झाल्यावर रेल्वेचं क्वार्टर सोडून ते आणि आई, म्हणजे सासूबाई, आमच्याकडे नाशिकला राहायला आले. आई लगेच रमल्या. अण्णा काही केल्या रमेनात. सोसायटीच्या बागेतून पहिल्या दिवशी परत आले ते चिडूनच. "माणसं नुसती गोल गोल फिरत्यात. पोचत कुठंच नाय!"

मग येवल्याला एका लग्नाला गेलो आणि त्यांच्या भाच्याच्या घरी अण्णांनी कॉम्प्युटरवर आगगाडी चालवायचा गेम पाहिला. पाहिला कसला, भाच्याला उठवून स्वतःच बसले! तिकडे लग्न लागलं, अक्षता पडल्या, फोटोसाठी सगळ्यांना गोळा केलं, आणि अण्णांचा पत्ता नाही. सापडले तेव्हा त्यांनी कुठल्याशा परक्या देशातल्या स्टेशनात गाडी उभी केली होती आणि डोळ्यांत पाणी होतं.

घरी आल्यावर दोन दिवस आमच्या कॉम्प्युटरभोवती घुटमळले. तिसऱ्या दिवशी माझ्यापाशी आले.

"वैशाली, त्या गेममधी ब्रेक मारला की गाडी लगेच थांबत नाय बरं का. मागचं वजन ढकलतं. अगदी खऱ्यासारखं."

"हो का अण्णा?"

"आपल्या कॉम्प्युटरवर येतो का गं तो?"

या माणसाने मला कधी कपभर चहा मागितला नव्हता. नितीनने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, तिथल्या तिथे कार्ड बाहेर काढलं. "आत्ता घेऊन टाकू."

"थांब!" मी ओरडले. "छापील किमतीत? वेड लागलंय का? गेमचे सेल येतात. मी बघते."

इथे सगळं बिनसलं.

मी अभ्यासाला लागले. कुठल्या मोसमात सेल येतो, कोणता गेम मागच्या वर्षी कितीला उतरला, सगळं तोंडपाठ केलं. स्वस्तात गेम मिळवणाऱ्या लोकांच्या एका गटात सामील झाले. तिथली पोरं मला 'भावा' म्हणत. मी दुरुस्त केलं नाही. पहिल्या सेलमध्ये तीस टक्के उतरला. नितीन म्हणाला, "घे." मी म्हटलं, "अजून पडेल." पडला नाही. पुढच्या सेलमध्ये चाळीस. "घे गं आता!" "थांब रे, पंच्याहत्तरला जातो हा, मी आलेख बघितलाय!" सेल संपला, किंमत परत वर. नितीनने माझ्याकडे असं बघितलं की मी भाजी निवडायला घेतली. पालेभाजी नव्हती, बटाटे होते.

अण्णा रोज संध्याकाळी विचारायचे, "काय, मिळाला का सिग्नल?"

"नाही अण्णा. थोडं थांबा."

"थांबतो की. पण एवढा वेळ स्टेशनाबाहेर आउटरला मला कुणी उभं केलं नव्हतं, सर्व्हिसमधी."

आणि एके दिवशी ऑफिसात मोबाइल वाजला. ऐंशी टक्के सवलत! समोर एक सप्लायर बसला होता, त्याला म्हटलं, "तुमचा रेट मंजूर, जा!" (तो बिचारा अजून कोड्यात आहे.) उघडून बघते तर नुसता गेम नाही, भलंमोठं ताट वाढलेलं! डोंगरातला घाट, मालगाडीची दोन इंजिनं, वेगवेगळ्या शिट्ट्या, वर पाऊस आणि धुकं! सगळं भरभर टोपलीत टाकलं आणि पैसे भरले. खाली बारीक अक्षरांत काहीतरी लिहिलं होतं. बारीक अक्षरं वाचणं हेच माझं पगारी काम आहे. पण घाई!

"अण्णा, गाडी आली!" घरात पाऊल टाकताच मी जाहीर केलं. अण्णांनी लगेच फोन उचलला आणि इगतपुरीला लावला. येत्या रविवारी त्यांचे दोन जुने सहकारी हजर राहणार होते: त्यांच्यासोबत असिस्टंट म्हणून गाडीवर असलेले शेख काका आणि मागच्या डब्यातले गार्ड भालेराव काका.

रविवारी सकाळीच दोघे आले. अण्णांनी दाढी करून इस्त्रीचा शर्ट घातला होता. आईंनी मॉनिटरला झेंडूचा हार घातला. (तो मधोमध लोंबत होता, नंतर बाजूला सारला.) मी सुक्या मटणाचा बेत केला होता आणि दोघांना तीन तीनदा सांगून झालं होतं, "ऐंशी टक्के सवलतीत बरं का!"

अण्णा खुर्चीत बसले. शेख काका डावीकडे, भालेराव काका मागे. नितीनने बटण दाबलं.

पडद्यावर एक छोटी चौकट आली. नितीनने वाचली. पुन्हा वाचली. मग माझ्याकडे बघून म्हणाला, "वैशाली, तू मूळ गेम घेतलास ना?"

"म्हणजे काय? एवढं सगळं घेतलंय!"

"हे सगळं मूळ गेमला जोडायचं सामान आहे. मूळ गेम असेल तरच चालतं."



"म्हणजे घाट आला," अण्णा सावकाश म्हणाले.

"हो."

"पाऊस आला."

"हो अण्णा. धुकंपण."

"इंजिन?"

"दोन आलीत!" मी घाईने म्हटलं.

"आन् गाडी?"

"गाडी... नाही आली."

भालेराव काका हळूच म्हणाले, "शिट्टी तरी वाजवा." ती पण वाजेना!

नितीन म्हणाला, "हरकत नाही, मूळ गेम आत्ता घेऊ." किंमत बघितली. मूळ गेमवर सवलत शून्य! "दिवाळीचा सेल जवळ आलाय," मी म्हटलं. पाच जोड्या डोळ्यांनी माझ्याकडे बघितलं. "बरं, बरं! दुसरीकडे बघते."

दुसरीकडे म्हणजे एक अनोळखी साइट. तिथे तोच गेम निम्म्याला. पैसे भरायचे, कोड येतो, कोड टाकला की गेम आपला. पैसे गेले, कोडही आला. मी विजयी मुद्रेने टाकला. उत्तर आलं: हा कोड आधीच वापरला गेला आहे.

मी विक्रेत्याला चॅटवर धरलं. "तुमचा कोड खोटा आहे!" तिकडून उत्तर, "सर, कृपया धीर धरा."

"सर?" मी किंचाळले.

"लिहा, पोलिसात जाते," शेख काका म्हणाले.

"नको, आधी गोड बोला," भालेराव काकांचा सल्ला.

आई स्वयंपाकघरातून ओरडल्या, "अगं, मटण आटतंय!"

मी पोलिसांचं लिहिलं, मग गोड लिहिलं, मग परत पोलिसांचं लिहिलं. तिकडून प्रत्येक वेळी तेच: "सर, कृपया धीर धरा." शेवटी चॅटच बंद झाली. ते पैसे अजून धीर धरून बसले आहेत.

जेवणं झाली. मटणाची कुणी तारीफ केली नाही, म्हणजे लोक किती दुखावले होते बघा. अण्णा उठले, हार काढून बाजूला ठेवला आणि म्हणाले, "राहू दे वैशाली. तू लय खटपट केलीस. गेमच तर हाय. नाय झाला तर नाय झाला."

रागावले असते तर मी तोंड दिलं असतं. पण ते समजूत घालत होते! मला एकदम माझीच लाज वाटली. टक्के टक्के करत मी या माणसाला महिनोन्‌महिने ताटकळत ठेवलं होतं. मी माउस ओढला, डोळे मिटले आणि पूर्ण किंमत भरली. नितीनने माझ्या खांद्यावर असा हात ठेवला, जणू माझं कुणी गेलंय.

डाउनलोड सुरू झालं. पडद्यावर आलं: शिल्लक वेळ, नऊ तास!

पाहुण्यांची परतीची गाडी संध्याकाळची. मी शरमेने म्हटलं, "काका, पुन्हा कधीतरी याल का?"

भालेराव काकांनी निघायला घातलेले बूट काढून परत रॅकवर ठेवले. "पोरी, आम्ही रेल्वेत जन्म काढला. लेट आम्हाला सांगू नको. गाद्या कुठं हायत?"

राहिले! रात्रीला पिठलं, सकाळी पोहे, आणि मी ऑफिसला सुट्टी टाकलेली, कारण आता ही गाडी हलताना मला बघायचीच होती.

सकाळी गेम उघडला. घाट दिसला, धुकं दिसलं, आणि अण्णांची गाडी, देवा शप्पथ, हलली! मी टाळ्या वाजवल्या. गाडीने एक वळण घेतलं, पुलाअलीकडे आली आणि उभी राहिली.

दहा मिनिटं झाली. मी म्हटलं, "अण्णा, बंद पडलं का?"

"नाय. सिग्नल लाल हाय. मागून पॅसेंजर जायची असंल."

"अहो, गेम आहे तो! जा की पुढे!"

तिघांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी कुणाचा तरी खून करायला सुचवलं होतं. मग परत पडद्याकडे वळले. तिथे एक उभं इंजिन, एक लाल दिवा आणि पाऊस. एवढंच! आणि ते तिघे इतके सुखात होते, की शेख काकांनी डब्यातून बडीशेप काढून वाटली. मी स्टूल ओढून बसले. चहा गार झाला. मीही आता डोळे फाडून तो दिवा बघायला लागले.

आणि दिवा बदलला!

"हिरवा!" मी उडीच मारली.

शेख काका गंभीर झाले. "बेटा, सिग्नल पुकारायचं काम असिस्टंटचं."

"मग मी कोण?"

अण्णांनी गाडी पुढे काढली आणि माउस न सोडता विचार केला. "तू पॅसेंजर."

"मालगाडीत पॅसेंजर घेता येत नाय," मागून भालेराव काका म्हणाले. गार्ड शेवटी गार्ड!

अण्णांनी ब्रेक लावला. मागचं वजन ढकलत ढकलत गाडी थांबली. मग त्यांनी मान वळवली, "उतर वैशाली, चहा गार झालाय," म्हणाले आणि अतिशय मायेने मला स्वयंपाकघराच्या दाराशी उतरवलं.