कुंकवाचं बोट

"हिला काय गं, काळी साडी नेसायची गरजच नाही. देवानेच नेसवून पाठवलंय."

म्युनिकजवळ गार्चिंगला मेघनाताईंच्या हॉलमध्ये संक्रांतीचं हळदीकुंकू चालू होतं. त्यांची एक मैत्रीण हे बोलली. रोझलीनबद्दल, रोझलीनच्या तोंडावर, मराठीत. सगळ्या खिदळल्या. रोझलीनही हसली. आपल्याला काहीतरी चांगलं म्हणाल्या असं तिला वाटलं. तिने मला इंग्रजीत विचारलं, "काय म्हणतायत?"

मी म्हणाले, "तुझा ड्रेस छान आहे म्हणतायत."

रोझलीन हैतीची. माझ्याच इन्स्टिट्यूटमध्ये पीएचडी करते, शेजारच्या टेबलावर बसते. संक्रांतीला आमच्याकडे काळं घालतात, असं मी तिला सांगितलं तेव्हा म्हणाली, "मग माझ्याकडे भरपूर आहे. सध्या मी काळंच घालते." तेव्हाच माझ्या डोक्यात प्रकाश पडायला हवा होता. तिचा नवरा जाऊन वर्षही झालं नव्हतं. पण आम्ही बौद्ध. आमच्या घरात आजोबांच्या वेळेपासून हळदीकुंकू बंद. विधवेला कुंकू लावत नाहीत हे ऐकून माहीत होतं, पण अंगात मुरलेलं नव्हतं. एखाद्या जोशीबाईकडून तिला इथे आणायची चूक झाली नसती. माझ्याकडून झाली.

मग मी तरी तिथे काय करत होते? खोली. म्युनिकच्या आसपास भाड्याचं घर मिळवायचं म्हणजे नाकी नऊ येतात. मी मेघनाताईंच्या घरात वरच्या खोलीत राहत होते. माझं आडनाव 'कर'वर संपतं, त्यामुळे खपून जातं. पहिल्या दिवशी त्यांनी विचारलं होतं, "मूळचे कुठले?" मी म्हणाले, लातूरकडचे. "अच्छा, देशस्थ का?" मी नुसती हसले. त्या हसण्यावर मला किल्ली मिळाली.

पंचपाळं घेऊन काकू आल्या. काकू म्हणजे मेघनाताईंच्या सासूबाई, पुण्याहून आलेल्या. इंग्रजी येत नाही. बाई तशी मायाळू, मला रोज "जेवलीस का गं?" विचारायची. त्यांनी रोझलीनला हळद लावली. कुंकवाचं बोट कपाळाशी नेता नेता मला विचारलं, "हिचे मिस्टर कुठे असतात? इथेच का?"

उत्तर माहीत असूनही मी प्रश्न तसाच रोझलीनला विचारला. ती डोळे मिटून, मान पुढे करून बसली होती. तशीच म्हणाली, "त्याला मारलं. पोर्ट-ओ-प्रिन्सला. आईला वस्तीतून बाहेर काढायला गेला होता, टोळीवाल्यांनी गोळ्या घातल्या."

मी काकूंना सांगितलं, "मारलं त्यांना, काकू. गोळ्या घालून."

बोट तिथेच थांबलं. मग मागे गेलं. पदराला पुसलं गेलं.

"अगोबाई. आधी नाही का सांगायचं?"

एवढं बोलून काकू पुढच्या बाईकडे वळल्या. रोझलीनने डोळे उघडले, कपाळ अजून पुढेच. कोणीतरी कुजबुजलं, "हळद लागलीय गं हिला." मेघनाताई टिश्यू घेऊन धावत आल्या आणि त्यांनी तिच्या कपाळावरची हळद पुसली. लहान मुलाचं तोंड पुसावं तशी. इंग्रजीत म्हणाल्या, "सॉरी हं, हे फक्त लग्न झालेल्या बायकांसाठी असतं."

रोझलीन म्हणाली, "माझं लग्न झालेलं आहे."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मेघनाताईंना वातावरण सावरायचं होतं. त्या मराठीत सुरू झाल्या, "तिथे असंच आहे गं. राष्ट्राध्यक्षालाच घरात घुसून मारलं, बाकीच्यांचं काय! त्या लोकांना राज्य करायची अक्कलच नाही. बाहेरून फौज घालून सरळ केलं पाहिजे एकदा."

"काय म्हणतायत?" रोझलीनने पुन्हा विचारलं.

या वेळी मी सगळं सांगितलं. फौजेचं सांगितलं, अकलेचं सांगितलं, मागे घेतलेल्या बोटाचं सांगितलं. काळ्या साडीचंही सांगितलं. मग ती बोलायला लागली, आणि मी ते मोठ्याने, मराठीत, काकूंनाही कळेल असं सांगत गेले.

"फौज आली होती. माझ्या पणजीच्या वेळी अमेरिकेची आली. मी लहान असताना आली. शांतिसेना म्हणून पुन्हा आली. तिच्या छावणीची घाण नदीत गेली, कॉलरा पसरला, त्यात माझी मावशी गेली. आमच्या देशात बंदुकीचा एकही कारखाना नाही. ज्या बंदुकीने माझा नवरा मारला ती पण बाहेरूनच आली होती."

मेघनाताई तिच्यावर नाही, माझ्यावर उखडल्या. "तू कशाला एवढी चिडतेस? तुझा काय संबंध?"

संबंध? मी सहावीत होते. जयंतीची मिरवणूक गावातून न्यायची की नाही, यावरून आमच्या वस्तीवर दगड पडले. मग पोलिसांची गाडी आली. तुमच्या रक्षणाला आलोय म्हणाले. दारं फोडली ती आमची. उचलून नेलं माझ्या काकांना, ते परत आले ते लंगडत. दगड मारणारे पारावर बसून बघत होते. दुसऱ्या दिवशी पेपरात आलं, गावात शांतता आहे.

हे सगळं त्या हॉलमध्ये सांगत बसले नाही. एवढंच म्हणाले, "मेघनाताई, मी देशस्थ नाही. मी महाराची पोर आहे."

कॉफी घेऊन आलेला त्यांचा नवरा दारातच थांबला. मेघनाताई घाईघाईने म्हणाल्या, "अगं, आम्ही असलं काही मानत नाही हं!" पण काकू खऱ्या. त्यांच्या तोंडून आपसूक निघालं.

"तरीच."

बस. एक शब्द. इतक्या दिवसांचं "जेवलीस का गं" त्या एका शब्दाने धुऊन नेलं. मी उठले, रोझलीन उठली. वाण तिथेच राहिलं.

बाहेर बोचरी थंडी होती. बसस्टॉपवर ती म्हणाली, "तुमची पद्धत मला माहीत असती, तर तो जिवंत आहे म्हणाले असते."

मी ओरडलेच तिच्यावर. "नाही! का म्हणायचं?"

संध्याकाळी मेघनाताईंचा मेसेज आला. काकूंना फार लागलंय. एकदा सॉरी म्हण, विषय संपला, रूम तुझीच आहे.

मी सॉरी म्हटलं नाही. महिना संपायच्या आत सामान काढलं. आता रोझलीनच्या खोलीत जमिनीवर गादी टाकून झोपते आणि घरं बघत फिरते. आपली मराठी माणसंही भेटतात. चहा देतात, हळूच विचारतात, आडनाव काय? मी आडनाव सांगत नाही. थेट जात सांगते. दार लावायचं असेल तर माझ्या तोंडावर लावा. पण कोण आहे हे कळून लावा.